लग्न मासिकात छापून यावं असं वाटतंय? तयारी पत्रिका छापण्याआधी सुरू करा

माझ्या धाकट्या बहिणीचं लग्न गुहागर तालुक्यातल्या आमच्या घरच्या अंगणात झालं. मे महिना, दुपारचा मुहूर्त. सगळं आवरल्यावर महिनाभराने मी सहाशे फोटोंची लिंक तीन ठिकाणी पाठवली आणि वाट बघत बसले. दोन ठिकाणांहून काहीच आलं नाही. तिसऱ्या ठिकाणच्या उपसंपादक बाईंनी एवढंच विचारलं, "अंतरपाटाचा जवळून फोटो आहे का?"

आमचा अंतरपाट आजीच्या इरकली लुगड्याचा होता. त्याच्या एका कोपऱ्यात तिने स्वतः केलेलं रफू आहे, टोपपदराच्या लालात किंचित वेगळा लाल दोरा. हे मी मेलच्या शेवटच्या परिच्छेदात जाता जाता लिहिलं होतं. सहाशे फोटोंत अंतरपाट अकरा वेळा दिसत होता, पण प्रत्येक वेळी अर्धा कापलेला किंवा धूसर. छायाचित्रकाराचा यात काही दोष नव्हता. त्या कापडाचं महत्त्व त्याला कोणी सांगितलंच नव्हतं.

लग्न शेवटी छापून आलं, चार पानं. त्यानंतर नात्यातल्या आणि ओळखीतल्या तीन लग्नांचं साहित्य मी तयार करून दिलं, त्यातली दोन छापली गेली. आता दर लग्नसराईत कोणी ना कोणी "हे कसं करायचं" म्हणून फोन करतं. त्या सगळ्यांना सांगते तेच इथे क्रमाने लिहिते आहे.

१. कुठे पाठवायचं ते आधी ठरवा

लग्नं छापणारे साधारण तीन प्रकार आहेत आणि तिघांना वेगवेगळं हवं असतं.

पहिला प्रकार गुळगुळीत कागदावरच्या इंग्रजी मासिकांचा आणि त्यांच्या लग्न विशेषांकांचा. तिथे कपडे, दागिने आणि सजावट यांना जास्त जागा मिळते. कोणत्या डिझायनरचं काय, हे आधी विचारतात. दुसरा प्रकार वेडिंगसूत्र, वेडमीगुड यांसारख्या संकेतस्थळांचा. तिथे खऱ्या लग्नांचं वेगळं सदरच असतं आणि जागेची अडचण नसल्याने नव्या माणसाला शिरकाव करायला ही जागा सोपी. तिसरा प्रकार मराठी मासिकं आणि वृत्तपत्रांच्या पुरवण्यांचा. लोकसत्ताच्या 'चतुरंग'सारख्या किंवा लोकमतच्या 'सखी'सारख्या पुरवणीला लेहंग्याचं वर्णन पाठवून उपयोग नाही. तिथे माणसांची गोष्ट लागते: सत्यशोधक पद्धतीने लागलेलं लग्न, विधवा आईने लेकीचं केलेलं कन्यादान, मानपान टाळून गावच्या शाळेला दिलेला खर्च.

लग्न परदेशात झालं असेल तर तिथल्या मराठी मंडळाच्या अंकापासून सुरुवात करा. उत्तर अमेरिकेत बृहन्महाराष्ट्र मंडळाचं 'बृहन्महाराष्ट्र वृत्त' निघतं.

ठरवण्याआधी त्या मासिकाचे गेल्या वर्षभराचे अंक चाळा. वाचनालयात मिळतात, रद्दीच्या दुकानात तर हमखास. प्रत्येक लग्नाला किती पानं दिली आहेत, मजकूर कुटुंबाच्या तोंडून आहे की वार्ताहराच्या, विधींचे फोटो किती आणि नवरा-नवरीचे किती, हे वहीत लिहून काढा. हा एक तास घालवला की निम्मी चुकीची मेलं टळतात.

आणि एका वेळी एकाच ठिकाणी पाठवा. मी तीन ठिकाणी पाठवलं ते चुकलंच. छापील मासिकाला दुसरीकडे न आलेलं लग्न हवं असतं. दोघांनीही होकार दिला असता तर एकाला नाही म्हणावं लागलं असतं, आणि त्या संपादकांकडे पुन्हा कधी तोंड दाखवता आलं नसतं.

२. लग्नाची गोष्ट दोन ओळींत लिहा

हे काम केळवणं सुरू व्हायच्या आधी करा, नंतर डोकं ठिकाणावर राहत नाही. कागद घ्या आणि लिहा: या लग्नात असं काय आहे जे दुसऱ्या लग्नात दिसणार नाही? "सुंदर मराठमोळं लग्न" हे उत्तर चालत नाही. पैठणी, नथ, मुंडावळ्या, सनई-चौघडा हे सगळं संपादकांच्या टेबलावर रोज येतं.

आमच्या वेळी मला वाटत होतं की आपली गोष्ट म्हणजे कोकण, समुद्र आणि झावळ्यांचा मांडव. खरी गोष्ट आजीच्या लुगड्यात होती. तुमच्याकडे काय आहे ते शोधायला घरातल्या मोठ्या माणसांशी बोला. मंगलाष्टकं कोणी रचली? रुखवतातलं काय काय घरी बनवलं? मामाने आणलेली अष्टपुत्री कुठल्या दुकानातून आली, आणि त्याच्या आईचीही तिथूनच आली होती का? एका लग्नात नवऱ्याच्या आत्याने मुलीकडच्या आणि मुलाकडच्या दोन्ही गावांच्या विहिरींचं पाणी आणून हळदीचं उटणं भिजवलं होतं. ती एवढीशी गोष्ट, पण पूर्ण लेख त्याच्याभोवती उभा राहिला.

गोष्ट खरी असली पाहिजे. मासिकासाठी म्हणून नवी प्रथा काढू नका. फोटोत ते लगेच कळतं, चेहरे अवघडलेले दिसतात.

३. छायाचित्रकाराशी करार करताना

इथे बहुतेक जण अडकतात, म्हणून सविस्तर लिहिते.

१९५७ च्या कॉपीराइट कायद्यातलं कलम १७ सांगतं की पैसे देऊन काढून घेतलेल्या फोटोचा पहिला मालक, उलट करार नसेल तर, काढून घेणारा असतो. म्हणजे तुम्ही. पण "उलट करार नसेल तर" हे शब्द लक्षात ठेवा. अनेक छायाचित्रकारांच्या छापील करारात सगळे हक्क त्यांच्याकडे राहतील असं कलम असतं, आणि आपण आगाऊ रक्कम देताना खाली सही करून मोकळे होतो. मग मासिक विचारतं, "छापायची परवानगी कोणाची?" आणि तुमच्याकडे उत्तर नसतं.

म्हणून सही करण्याआधी दोन ओळी घालून घ्या: कुटुंबाला मासिकात, वृत्तपत्रात आणि संकेतस्थळावर हे फोटो छापण्यासाठी देता येतील, आणि छापताना छायाचित्रकाराचं नाव दिलं जाईल. दुसरी ओळ त्यांच्या हक्काची आहे. फोटो काढणारा हाच कायद्याने त्याचा कर्ता, आणि कलम ५७ प्रमाणे आपलं नाव लागावं असं म्हणण्याचा अधिकार त्याला आहे, मालकी कोणाचीही असो. नाव देणार म्हटलं की बहुतेक जण आनंदाने तयार होतात, कारण छापून येण्यात त्यांचाही फायदा असतो.

याच वेळी आणखी दोन गोष्टी ठरवा. मूळ आकाराचे फोटो मिळणार का, आणि किती दिवसांत? अल्बमसाठी मिळणारे फोटो कधी कधी लहान करून दिलेले असतात. ड्रोन लावणार असतील तर ती जागा सरकारच्या डिजिटल स्काय नकाशावर हिरव्या पट्ट्यात, म्हणजे ड्रोन उडवायला वेगळी परवानगी लागत नाही अशा भागात, आहे ना, हे त्यांना बघायला सांगा.

४. फोटोंची यादी छायाचित्रकाराच्या हातात द्या

तोंडी सांगू नका. एका कागदावर, वेळेनुसार, आणि त्या त्या वेळी कोण मदत करेल त्याचं नाव लिहून द्या. "अंतरपाट, जवळून, कोपऱ्यातलं रफू दिसेल असा. मुहूर्ताच्या अर्धा तास आधी. मावशी कापड घेऊन देवघराबाहेर उभी राहील." असं लिहिलं की काम होतं.

यादीत हमखास राहून जाणाऱ्या गोष्टी:

- रिकामा मांडव, माणसं यायच्या आधी
- गौरीहरापाशी बसलेली नवरी, शक्यतो एकटी
- मामा नवरीला बोहल्याकडे आणतो तो क्षण
- कानपिळीच्या वेळचा नवरीच्या भावाचा चेहरा
- पंगत, उभं राहून वरून काढलेली, आणि एकाच पानाचा जवळून फोटो
- रुखवताचं पूर्ण टेबल, लोकांनी गर्दी करण्याआधी
- सनईवाले, गुरुजी, आचारी, फुलं बांधणाऱ्या बायका

शेवटच्या ओळीतल्या माणसांचे फोटो जवळजवळ कोणाकडेच नसतात, आणि लेखात तेच फार कामाला येतात.

उजेडाबद्दल. आमच्याकडे झावळ्यांच्या मांडवातून उन्हाचे कवडसे थेट बोहल्यावर पडत होते. डोळ्यांना ते फार छान दिसत होतं, पण फोटोत बहिणीच्या कपाळावर पांढरा डाग आणि गालावर काळी पट्टी आली. झावळ्यांखाली पांढरं मांजरपाट ताणून बांधलं असतं तर उजेड मऊ झाला असता. मांडववाल्यांचं लाल किंवा निळं कापड असेल तर त्याचा रंग चेहऱ्यांवर आणि पांढऱ्या उपरण्यावर उतरतो, आणि तो नंतर काढणं अवघड जातं. बोहल्यावर तरी पांढरं किंवा फिकट कापड मागा. हॉलमध्ये लग्न असेल तर अंतरपाट दूर होईपर्यंत रंगीत दिवे बंद ठेवायला आधीच सांगून ठेवा.

अंतरपाट दूर होतो तेव्हा दहा हात मोबाईल घेऊन पुढे येतात. तेवढ्या दोन मिनिटांसाठी घरातल्या एका खमक्या माणसाला बोहल्यासमोर उभं करा. आमच्याकडे नंतरच्या एका लग्नात हे काम काकांनी केलं आणि त्या लग्नाचा पहिल्या पानावरचा फोटो त्यामुळेच मिळाला.

५. लग्नानंतरचे पंधरा दिवस: हात आवरा

लग्नाचे फोटो मिळाले की इन्स्टाग्रामवर टाकायची घाई होते. छापील मासिकाकडे पाठवायचं असेल तर मुख्य फोटो थांबवा. दोन-चार साधे फोटो टाकायला कोणी हरकत घेत नाही, पण पूर्ण अल्बम सगळीकडे फिरला की अंकासाठी काही उरत नाही. मेकअपवाल्या ताई आणि सजावटवाले दुसऱ्याच दिवशी आपल्या पानावर फोटो टाकतात. त्यांना आधीच विनंती करा आणि कधीपर्यंत थांबायचं ते सांगा. त्यांचा धंदा त्यावर चालतो, त्यामुळे "कधीच टाकू नका" म्हणणं रास्त नाही.

६. साठ फोटो निवडा

सहाशे फोटोंची लिंक कोणी उघडून बघत नाही. मी आता चाळीस ते साठ पाठवते. घरातल्या दोघांनी वेगवेगळे निवडावेत आणि मग यादी जुळवावी. आई निवडायला बसली की प्रत्येक नातेवाईक एकदा तरी यायला हवा असं तिला वाटतं. ते अल्बमसाठी ठीक, मासिकासाठी नाही.

उभे आणि आडवे दोन्ही ठेवा. उभा फोटो पूर्ण पानाला लागतो, आडवा दोन पानांवर पसरतो. आडव्या फोटोत नवरीचा चेहरा बरोबर मध्ये असेल तर तो अंकाच्या घडीत जातो, तेव्हा थोडा बाजूला असलेलाही एक द्या.

आकाराचं गणित सोपं आहे. चांगल्या छपाईला एका इंचात ३०० ठिपके लागतात. ए-४ आकाराचं पूर्ण पान म्हणजे साधारण २४८० बाय ३५०८ पिक्सेल, आणि दोन पानांना त्याच्या दुप्पट रुंदी. २४ मेगापिक्सेलच्या कॅमेऱ्यातला मूळ फोटो ६००० बाय ४००० च्या आसपास असतो, म्हणजे पुरतो. व्हॉट्सअॅपवरून आलेला फोटो आकसलेला असतो, तो कधीच पाठवू नका. स्क्रीनशॉट तर नाहीच.

या टप्प्यावरचा एक मोठा धोका. पत्रिका, नथ आणि अंगठ्या एकत्र मांडून काढलेला फोटो हल्ली सगळ्यांकडे असतो. त्या पत्रिकेवर घरचा पूर्ण पत्ता आणि बाबांचा मोबाईल नंबर असतो! आमच्या फोटोत तो ठळक वाचता येत होता आणि अंक छपाईला जायच्या चार दिवस आधी माझ्या लक्षात आला. असे फोटो मोठे करून तपासा. गाडीचा नंबर, आहेराच्या पाकिटावरची नावं, रुखवतावरच्या चिठ्ठ्या, सगळं बघा. दुसऱ्यांची लहान मुलं ज्या फोटोत ठळक दिसतात, त्यांच्या आईवडिलांना विचारल्याशिवाय तो पाठवू नका. नवऱ्याच्या घरच्यांनाही निवडलेले फोटो दाखवा. एका लग्नात सासूबाईंना ऐरणीदानाच्या वेळचा आपला रडतानाचा फोटो नको होता. तो काढला आणि विषय संपला.

७. मजकूर आणि श्रेयनामावली

चारशे ते पाचशे शब्द पुरे. तुमच्या साध्या बोलीत लिहा, विशेषणं काढून टाका, संपादक त्यांच्या शैलीत बसवून घेतात. तारीख, गाव, विधींचा क्रम, नावं आणि नाती अचूक हवीत. "आजीचं लुगडं" पुरेसं नाही. लुगडं कुठलं, कधीचं, रफू कशाने झालं, ते लिहा. मी आजीला विचारलं तेव्हा कळलं की भाताच्या उडवीशेजारच्या कुंपणाला अडकून ते फाटलं होतं, आणि ती ओळ जशीच्या तशी छापली गेली.

मराठी मजकूर युनिकोडमध्येच पाठवा. जुन्या फॉन्टमध्ये टंकलेला मजकूर दुसऱ्या संगणकावर उघडला की नुसती चिन्हं दिसतात. पीडीएफही नको, त्यातून मजकूर उचलताना जोडाक्षरं फुटतात.

सोबत हे सगळं एका फोल्डरमध्ये ठेवा:

- निवडलेले फोटो, क्रमांक घालून (०१, ०२...)
- प्रत्येक क्रमांकासमोर एक ओळ: कोण, कुठे, कोणता विधी
- मजकुराची फाईल
- श्रेयनामावली: छायाचित्रकार, मेकअप, केशरचना, साडी, दागिने, सजावट, आचारी, सनई, गुरुजी. नावाचं शुद्धलेखन ज्याचं त्याला विचारून
- छायाचित्रकाराचं परवानगीचं पत्र किंवा मेल
- नवरा-नवरी दोघांची छापण्यास संमती, लेखी
- तुमचा फोन नंबर आणि बोलण्याची सोयीची वेळ

गूगल ड्राइव्हची लिंक देत असाल तर ती कोणालाही उघडता येते ना, हे दुसऱ्याच्या फोनवरून तपासा. "परवानगी मागा" असा फलक दिसला की उपसंपादक पुढच्या मेलकडे वळतात.

८. मेल

छोटं लिहा. विषयाच्या ओळीत गाव आणि गोष्ट दोन्ही यावीत. पुढच्या लग्नांसाठी मी वापरलेला नमुना, उदाहरणाला आमच्याच लग्नाचा तपशील घालून, असा:

"विषय: आजीच्या लुगड्याचा अंतरपाट, गुहागरमधलं घरचं लग्न

नमस्कार, माझ्या बहिणीचं लग्न मे महिन्यात आमच्या घरच्या अंगणात झालं. अंतरपाट आजीच्या इरकली लुगड्याचा होता. आपल्या लग्नाच्या सदरासाठी हे साहित्य पाठवू इच्छिते. पाच फोटो लहान आकारात जोडले आहेत, उरलेले लिंकवर मोठ्या आकारात आहेत. हे साहित्य इतर कुठेही दिलेलं नाही. छायाचित्रकाराची परवानगी सोबत आहे."

एवढंच. नाव आणि नंबर खाली. पाच फोटोंमध्ये तुमच्या गोष्टीचा फोटो पहिला ठेवा, नवरा-नवरीचा दुसरा.

वेळेचं म्हणाल तर मासिकाचं काम अंकाच्या दोन-तीन महिने आधी सुरू होतं. तुळशीच्या लग्नानंतर सराई सुरू होते आणि लग्न विशेषांक त्याच्या आगेमागे येतात. त्यामुळे मेमधलं लग्न जुलैपर्यंत पोहोचलं पाहिजे. दिवाळी अंकांच्या धामधुमीत, म्हणजे सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये, मराठी मासिकांकडून उत्तराची अपेक्षा ठेवू नका.

९. उत्तर येईपर्यंत

तीन आठवड्यांनी एकदा नम्र आठवण करा. आणखी दोन आठवडे थांबा. मग "हे साहित्य आता मी दुसरीकडे पाठवते आहे" असं कळवा आणि खरंच पाठवा. नकार आला तर कारण विचारायला हरकत नाही, मला दोनदा फार उपयोगी उत्तरं मिळाली.

फोन आला आणि "तुमचं लग्न निवडलं आहे, पानामागे इतके रुपये भरा" असं कोणी म्हणालं तर थांबा. ती जाहिरातीची जागा असते. पैसे देऊन छापून घ्यायचं असेल तर खुशाल घ्या, पण तसं लेखी दरपत्रक मागा आणि अंकात त्यावर जाहिरात असं लिहिणार का ते विचारा. संपादकीय सदरात येणाऱ्या लग्नासाठी आमच्याकडून एक पैसाही कोणी मागितला नाही. आधी "निवड शुल्क" मागणाऱ्यांना सरळ नाही म्हणा.

त्यांनी एखादा फोटो नव्याने मागितला तर खरं काय ते सांगा. आम्ही अंतरपाटाचा फोटो लग्नानंतर दोन महिन्यांनी, ओसरीवर, आजीच्या मांडीवर ठेवून काढला आणि तसं कळवलं. अंकात खाली "लग्नानंतर, आजीसोबत" असं छापलं आहे.

१०. छपाईच्या आधी आणि नंतर

बहुतेक ठिकाणी पानाचा नमुना बाहेर दाखवत नाहीत. पण नावं आणि फोटोओळी तपासायला मागितल्या तर देतात, तेव्हा मागा. नवरीने आडनाव बदललेलं नसेल तर ते ठळकपणे कळवा. आमच्याकडे एवढं सांगूनही मसुद्यात बदललेलंच आलं होतं.

अंक बाजारात आला की त्याच आठवड्यात जादा प्रती घ्या. महिना उलटला की विक्रेते उरलेले अंक परत करतात आणि मग एक प्रत मिळवायला कार्यालयाचे उंबरे झिजवावे लागतात. आम्ही पंधरा घेतल्या: दोन्ही घरी, छायाचित्रकाराला, मांडववाल्यांना, गुरुजींना, सनईवाल्यांना. सनईवाल्या काकांचा फोटो तिसऱ्या पानावर होता. ते अंक घ्यायला स्वतः घरी आले आणि ओसरीवर बसून आधी सगळी नावं वाचून काढली.